अंजनीवैनीच्या रक्ताची काच

मायक्रोसाइट म्हणजे काय, असं परवा दवाखान्यात नव्यानं आलेल्या नर्सबाईंनी मला विचारलं. मी म्हटलं, "तांबडी रक्तपेशी, पण नेहमीपेक्षा बारकी." त्यांनी वहीत लिहून घेतलं आणि गेल्या. दहा-अकरा वर्षं मी सगळ्यांना एवढंच सांगत आलोय. एवढ्यावर भागतं. त्या शब्दाचा पुढचा अर्थ मला माहीत आहे, तो मी कुणाला सांगत नाही, कारण तो सांगायचा म्हणजे माझीच लाज चव्हाट्यावर आणायची. आता सेहेचाळीस साल लागलं, वैनीला जाऊन सहा वर्षं उलटून गेली. आणखी किती दिवस गिळून बसू?

मी भरमा, उचगावचा. मराठी सातवी झालो, मग काही वर्षं शेतात राबलो आणि पस्तीस साली बेळगावात एका डॉक्टरांच्या दवाखान्यात शिपाई म्हणून लागलो. आधी काचा धुवायचं काम होतं. मग साहेबांनी रक्त तपासायला शिकवलं. बोटाला सुई टोचायची, थेंब काचेवर घ्यायचा, दुसऱ्या काचेच्या कडेनं तो पातळ ओढायचा, वाळवायचा, वर जांभळा रंग घालायचा, धुवायचं आणि सूक्ष्मदर्शकाखाली सरकवायचं. पहिल्यांदा डोळा लावला तेव्हा मी तास-दोन तास उठलोच नाही. साहेब हसले होते.

तेव्हाच त्यांनी हा शब्द शिकवला. "ही बघ भरमा, ही लहान पांढरी पेशी. हिच्या मधला जांभळा गाभा दिसतोय? चांगल्या माणसाची तांबडी पेशी साधारण त्या गाभ्याएवढी असते. ही शेजारची तांबडी त्याहून बारकी आहे आणि मध्ये फिकी पडलीय, नुसती कड तेवढी तांबडी. ही मायक्रोसाइट. अशा पुष्कळ दिसल्या तर वहीत लिहायचं. आणि लक्षात ठेव, हे रोगाचं नाव नाही. ही खूण आहे. अंगातलं लोह कुठंतरी गळतंय किंवा अंगात जातच नाहीये, एवढंच ती सांगते. कुठं गळतंय ते आपण हुडकायचं."

आमच्या भाताच्या गावांतला माणूस असला तर साहेब आधी जंत बघायचे. बारीक, आकड्यासारख्या तोंडाचे जंत. लोक ओढ्याकाठी, बांधाला परसाकडं जातात, त्या ओल्या मातीत त्यांची पिल्लं वळवळतात. तिथं अनवाणी पाय पडला की कातड्यातनं आत शिरतात, आतड्याला चिकटतात आणि रक्त पीत बसतात. औषधानं जंत पडतात, लोहाच्या औषधानं रक्त भरतं. पण माणूस पुन्हा अनवाणी त्याच मातीत गेला की सगळं पहिल्यासारखं. म्हणून साहेब प्रत्येकाला सांगायचे, पायात पायताण घाला.

साहेब एकदा सांगायचे, मी दहादा. पेशंट बाहेर आला की मी त्याला धरायचो. "तुमच्या रक्तातल्या गोळ्या बारक्या झाल्यात. जोंधळ्याच्या जागी राळं हाय." मराठीत सांगायचो, कानडीत सांगायचो. बायका लाजून पदर तोंडाला लावायच्या, तर त्यांना रागवायचो, "जीव मोठा का लाज मोठी?" असं म्हणायचो मी. मीच.

आता वैनीविषयी सांगतो.

अंजनीवैनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची, जोतिबाआण्णाची बायको. नंदगडकडची. ती आमच्या घरात आली तेव्हा तिला चौदावं असेल, मला दहावं. आई दोन वर्षांपूर्वी वारली होती आणि घरात आप्पा, आण्णा आणि मी असे तीन बापे, कुणाला भाकरी थापता येत नव्हती. त्या पोरीनं पहिल्या दिवशी चुलीपुढं बसून विचारलं, "तुमी इतकं दिस काय खात हुता?" आप्पा म्हणाले, "शिव्या." ती एवढी हसली की पीठ सांडलं. सासऱ्यासमोर सून अशी हसली म्हणून शेजारच्या नागुबाईनं महिनाभर तोंड चालवलं. आप्पा मात्र काही बोलले नव्हते. हे मी तेव्हा पाहिलं होतं, आणि नेमकं हेच मी पुढं विसरलो.

बेळगावच्या शाळेला जायचं तर पहाटे उठून चालावं लागायचं. वैनी माझ्या आधी उठलेली असायची. भाकरीत चटणी घालून गाठोडं बांधायची आणि वेशीपर्यंत सोबत यायची, कारण मला कुत्र्यांची भीती वाटायची. सात वर्षं ती असं आली, अनवाणी, दव पडलेल्या बांधावरनं. भाताचं बी दाताखाली धरून ते उगवंल का न्हाय ते ती सांगायची आणि तिचं चुकायचं नाही. म्हशीशी भांडायची. सगळ्यांना वाढून झाल्यावर टोपल्यात जे उरेल ते खायची, आणि बरेचदा काही उरलेलं नसायचं. ते मला कधी दिसलं नाही. जेवलेल्या माणसाला दिसत नाही.

अडतीसच्या गणपतीला मी घरी गेलतो. विहिरीवरनं घागर आणताना वैनी मध्येच दगडावर बसली. दम लागला होता. ओठ पांढरे फटक. आण्णा म्हणाला, "अलीकडं लई आळशी झालीया." त्याला मुद्दाम टाकून बोलायचं नव्हतं, त्याला खरंच तसं वाटत होतं. दुपारी मी पाणी प्यायला आत गेलो तर वैनी चुलीच्या कडेची माती नखानं खरवडून तोंडात टाकत होती. मला बघून तिनं हात पदरात लपवला. साहेबांकडनं ऐकलेलं होतं, अंगात रक्त नसलं की माणसाला माती गोड लागते.

माझ्या खिशात कागदात गुंडाळलेल्या दोन काचा कायम असायच्या. रुबाब, दुसरं काय. म्हटलं, "वैनी, बोट द्या." ती म्हणाली, "एवढ्याशा काचंत माजं काय दिसणार भावजी?" पण बोट पुढं केलं. थेंब आला तो तांबडा म्हणावा की नाही असा.

दुसऱ्या दिवशी दवाखान्यात काच रंगवून बघितली. गाभ्याएवढी पेशी हुडकून सापडेना. सगळ्या बारक्या, फिक्या, नुसत्या कडा. वहीत तसं मी शेकड्यानं लिहिलं होतं, हात कधी थांबला नव्हता. साहेबांनी डोळा लावला आणि विचारलं, "कोण आहे ही?"

मी म्हणालो, "गावाकडची एक बाई हाय साहेब."

आमच्या घरात जंत निघाले हे सांगायची मला लाज वाटली. सगळ्या गावाला स्वच्छतेचं व्याख्यान देणारा मी. साहेबांनी मला दिलेला पांढरा कोट अंगात होता, आणि त्या कोटाच्या आतला माणूस स्वतःच्या वैनीला गावाकडची एक बाई म्हणाला. पहिली लाज ही. हिच्यावरच थांबलो असतो तरी बरं होतं.

साहेबांनी जंताचं औषध दिलं, लोहाची बाटली दिली. "आणि तिला अनवाणी फिरू देऊ नको. तिचं अंग आता आणखी गळती सोसणार नाही. मूल व्हायचं वय असेल तर फारच जपायला पाहिजे."

औषध तिनं घेतलं. संक्रांतीला मी बाजारातनं तिच्यासाठी पायताण घेऊन गेलो. साधं, जाड तळाचं, पुढं एक पट्टा.

आता आमच्याकडची रीत सांगायला पाहिजे. शेतकऱ्याच्या घरात सून पायताण घालून सासऱ्यासमोरनं जात नाही. कुठं लांब गावाला गेली तर घालते, ते पण वेशीबाहेर गेल्यावर. घरात, अंगणात, गावातल्या वाटेवर अनवाणीच. कुणी शिकवत नाही, सगळ्यांना ठाऊक असतं. वैनीनं पायताण हातात घेतलं, उलटंपालटं केलं आणि म्हणाली, "आप्पांम्होरं कसं घालू भावजी?"

मी म्हटलं, "माझं नाव सांगा."

तेवढं तिला पुरलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ती पायताण घालून शेणाची पाटी घेऊन अंगणातनं गेली. आप्पा जोत्यावर तंबाखू मळत बसले होते. त्यांनी पायांकडं बघितलं, तंबाखू तोंडात टाकली आणि उठून गोठ्यात गेले. मला वाटलं रागावले. विचारायचं धाडस केलं नाही. मी परत बेळगावला आलो आणि माझ्या मागं ती बाई सगळ्या गावाचं ऐकून घेत राहिली. विहिरीवर नागुबाई म्हणायची, "सरका गं, मडमीण आली." वैनी म्हणायची, "भावजीनं सांगितलंय," आणि घागर भरायची. तिला माझ्या शब्दाची एवढी किंमत होती.

शिमग्याला पुन्हा काच घेतली. पेशी भरल्या होत्या. अजून थोड्या बारक्या होत्या, पण गाभ्याच्या जवळपास आल्या होत्या, मधली फिकी जागा आकसली होती. ती काच साहेबांना दाखवताना मला केवढा आनंद झाला. ते म्हणाले, "ही गावाकडची बाई हुशार दिसते, ऐकते." तेव्हा तरी सांगायचं ना. नाही सांगितलं.

मग वैशाखात माझ्या लग्नाचं निघालं. मुलगी शहापुरातली, मनू. वडील सुबराव कचेरीत कारकून, मूळचे खानापूरकडचे, आपल्यातलेच. ते चार माणसं घेऊन आमचं घर बघायला येणार होते. मी आदल्या दिवशीच गावी गेलो. अंगण सारवलं, जनावरं मागं बांधली. आणि माझी नजर वैनीच्या पायांकडं गेली.

माझ्या डोक्यात काय काय आलं ते सगळं सांगतो. पाहुणे म्हणतील, ह्या घरात सासऱ्याचा धाक न्हाय, सून पायताण वाजवत फिरती. नागुबाई मध्येच तोंड घालेल. कुणीतरी विचारेल, का घालते? मग कुणीतरी सांगेल, तिला जंत झालेत. कारकुनाच्या घरची मुलगी द्यायला आलेली माणसं, आणि त्यांच्यासमोर हे. नुसत्या विचारानं माझे कान तापले.

मी चुलीजवळ गेलो आणि म्हणालो, "वैनी, उद्या ते पायताण घालू नका. पाव्हण्यांना दिसंल. कुठंतरी ठेवून द्या आत."

तिनं माझ्या तोंडाकडं बघितलं. फार वेळ नाही. तिला कळलं. ज्या माणसाच्या शब्दावर तिनं तीन-चार महिने गावचे टोमणे खाल्ले, त्यालाच तिची लाज वाटतेय, हे तिला तिथं चुलीपुढं कळलं. ती म्हणाली, "बरं भावजी." उठली, पायताण फडक्यानं पुसलं आणि भाताच्या कणगीमागं सारलं.

पाहुणे आले, जेवले, पसंती झाली. वैनीनं पुरणपोळ्या केल्या होत्या. सुबराव म्हणाले, "थोरल्या सूनबाईंच्या हाताला चव आहे." मी फुगलो. लग्न दिवाळीनंतर धरायचं ठरलं. मी बेळगावला परतलो. आता घाला म्हणून सांगायचं राहिलं असं मी स्वतःला सांगत होतो. राहिलं कुठलं? पाहुण्यांची ये-जा चालूच राहणार होती आणि मला ते पायताण कणगीमागं बरं वाटत होतं.

आषाढात एका रविवारी गेलो. भाताची लावण चालू होती. वैनी चिखलात होती, पोटऱ्यापर्यंत. चौथा-पाचवा महिना असावा, पदर खोचला होता तरी कळत होतं. आण्णाच्या लग्नाला सतरा वर्षं झाली होती आणि दोनदा मूल जगलं नव्हतं. बांधावर बसून ती पाय खाजवत होती. "चिखल्या झाल्यात," म्हणाली, "मेंदी लावली की जातील." ओठ पुन्हा तसेच पांढरे.

मी म्हटलं, "वैनी, पायताण..."

"तुमचं लगीन होऊ द्या की," ती हसून म्हणाली. "मग घालते. आता उगंच कशाला कुणाच्या डोळ्यावर."

आणि मला हायसं वाटलं. हेच मला कुणाला सांगवत नव्हतं. त्या क्षणी मला तिच्या जिवाची काळजी वाटायला पाहिजे होती आणि मला हायसं वाटलं. खिशात दोन काचा होत्या. हात खिशात गेला, काचेची धार बोटाला लागली, मी हात बाहेर काढला. बघितलं असतं तर कळलं असतं. कळलं असतं तर काहीतरी करावं लागलं असतं. म्हणून मी बघितलंच नाही. लोहाची बाटली तेवढी देऊन आलो, मेहेरबानी केल्यासारखी.

भाद्रपदात वैनी दिवस भरायच्या आधीच बाळंत झाली. मूल गेलं. तिचा रक्तस्राव थांबेना, तसं आण्णानं बैलगाडी जुंपली. भर दुपारी दवाखान्यात निरोप आला की गाडी वाटेवरच्या हिंडलग्यापर्यंत आलीय, पुढं न्यायला भीती वाटते. मी साहेबांच्या खोलीत शिरलो. पेशंट बसले होते. साहेबांनी विचारलं, "कोण आहे?"

"माझी वैनी."

त्यांनी बॅग उचलली. टांग्यात त्यांनी माझ्याकडं बघितलं आणि हळू विचारलं, "भरमा, ती काच? गावाकडची बाई?"

"व्हय साहेब. तीच."

त्यांनी तोंड फिरवून टांगेवाल्याला घोडा पळवायला सांगितलं. त्यांनी मला शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

हिंडलग्याच्या तुरुंगाच्या अलीकडं रस्त्याकडेला झाडाखाली गाडी सोडली होती. आण्णा चाकाला टेकून बसला होता. साहेबांनी नाडी बघितली, ती लागली नाही. डोळ्याची पापणी खाली ओढली, आतली बाजू कागदासारखी पांढरी होती. बाळंतपणात बायकांचं रक्त जातंच, पण ज्यांच्या अंगात असतं त्या सावरतात. साहेब म्हणाले, "हिच्याजवळ जायला काही शिल्लकच नव्हतं." एवढं बोलून ते टांग्याकडं गेले. वैनीचे पाय गाडीच्या तरटाबाहेर आले होते. भेगांत लावणीचा चिखल अजून होता, मेंदीचा रंग होता. ते पाय मी धुतले. आण्णाला वाटलं भाऊ केवढा मायेचा.

लग्न पुढं गेलं, माघात झालं. मनू घरात आली. शहरातली पोर, तिला लहानपणापासून पायताणाची सवय. तिसऱ्या दिवशी सकाळी ती नळाला जावं तशी पायताण घालून अंगणातनं विहिरीकडं निघाली. जोत्यावर आप्पा बसले होते. मी दारात उभा होतो. मनूच्याही एकदम लक्षात आलं, ती थबकली आणि पायताण काढायला वाकली.

आप्पा म्हणाले, "घाल गं पोरी, असू दे. थोरली बी घालायची."

मग तंबाखू मळता मळता, माझ्याकडं न बघता, म्हणाले, "पहिल्यांदा बघितलं तवा मला जरा कसंतरीच वाटलं. मग म्हटलं, पोरीच्या तोंडावर तेज आलंय, घालू दे. पावसाळ्यात चिखलात अनवाणी दिसली. लई येळा तोंडावर आलतं, बाई गं, पायताण का सोडलंस? पर म्हटलं आपण अडाणी माणसानं कशाला बोलावं. भरमा दवाखान्यातला हाय, शिकलेला हाय. त्यानं सोडाय सांगितलं असंल तर कायतरी इचार करूनच सांगितलं असंल."

मी आत गेलो. कणगीमागं हात घातला. पायताण तिथंच होतं, फडक्यात बांधलेलं.

शिमग्याची ती काच माझ्याजवळ आहे. दवाखान्यात काचा धुवून पुन्हा वापरतात, ही मी धुतलेली नाही. पेशी भरत आलेल्या त्यात अजून दिसतात. उद्या नर्सबाईंना बोलावून ती दाखवणार आहे. त्यांनी विचारलं, कोणाची, तर ह्या वेळी नाव सांगेन.